सिग्नल -२७ वर आलाय? मॉड्यूल बदलण्याआधी हरवलेले सहा डीबी शोधा

प्रश्न थोडक्यात असा आहे. कोकणातल्या एका गावात केबल-इंटरनेटचा छोटा व्यवसाय. बाजारपेठेत जीपॉनचं (एका फायबरवरून अनेक घरांना इंटरनेट देणाऱ्या पद्धतीचं) ओएलटी, म्हणजे व्यावसायिकाच्या टोकाचं मुख्य मशीन. तिथून खांबांवरून ४ कोर (चार फायबरांची) केबल ५ किलोमीटरवरच्या तिठ्यापर्यंत, तिथे क्लोजरमध्ये (जोडांच्या बंद डब्यात) १:८ चा स्प्लिटर, म्हणजे एका फायबरचा प्रकाश आठ पायांत वाटणारा. त्याच्या एका पायावरून सव्वा किलोमीटरवर एक वाडी, तिथल्या बॉक्समध्ये दुसरा १:८ चा स्प्लिटर आणि त्यावर सात घरं. या सातही घरांत ओएनयू (घरातला फायबरचा बॉक्स) -२६.५ ते -२८ डीबीएम दाखवतो (वजा आकडा जितका मोठा तितका सिग्नल कमजोर). पाऊस लागला की किंवा पहाटे एलओएसचा (सिग्नल गेल्याचा) लाल दिवा लुकलुकतो, ऊन पडलं की सगळं सुरळीत. दुसऱ्या वाडीत, तेवढ्याच अंतरावर, -२१ च्या आसपास येतो आणि तिथून एकही तक्रार नाही. ओएलटीच्या पोर्टवर प्रकाश सोडणारं मॉड्यूल बी प्लस दर्जाचं, पॉवर +४.२ डीबीएम. लाइन टाकली तेव्हा सिग्नल किती होता ते लिहून ठेवलेलं नाही. विचारणं असं, की जास्त ताकदीचं सी प्लस मॉड्यूल टाकू, फायबर जोडायचं स्प्लायसिंग मशीन चार मोटरचं जुनं आहे ते बदलू, की ओटीडीआर (फायबरमधला दोष किती अंतरावर आहे ते सांगणारं मशीन) विकत घेऊ?

तिन्हींवर पैसे खर्च करण्याआधी थांबा. तुमची अडचण लेझर कमी पडण्याची नाही आणि पावसाचीही नाही. तुमच्या लाइनवर कुठेतरी एकाच जागी सुमारे सहा डीबी सांडतायत आणि ते बहुधा बाराही महिने सांडतायत. पाऊस फक्त शेवटचा अर्धा डीबी खातो. घर आधीच काठावर उभं असलं की तेवढा धक्का पुरतो.

हे सहा डीबी मी कुठून काढले? हिशोब करा. फायबरमध्ये १४९० नॅनोमीटरला, म्हणजे ओएलटीकडून घराकडे येणाऱ्या प्रकाशाला, किलोमीटरमागे साधारण ०.२५ डीबी घट धरायची. तुमचे ६.२ किलोमीटर म्हणजे दीड डीबी. १:८ चा चांगला पीएलसी स्प्लिटर साडेदहा डीबी घेतो. शुद्ध गणिताने नऊ, वरचे दीड त्याचे स्वतःचे. दोन स्प्लिटर म्हणजे एकवीस. आठ स्प्लाइस (फायबर वितळवून केलेले जोड), प्रत्येकी ०.१ अशी सढळ हाताने धरली तरी ०.८. कनेक्टरच्या चार जोड्या, प्रत्येकी ०.३, म्हणजे १.२. बेरीज साधारण साडेचोवीस. +४.२ मधून वजा केले की घरात -२०.५ च्या आसपास यायला हवेत. दुसऱ्या वाडीत -२१ येतायत, म्हणजे तुमचं काम आणि माझा हिशोब दोन्ही बरोबर आहेत. पहिल्या वाडीत मात्र -२७. डीबीची भाषा बाजूला ठेवून सांगायचं तर दर तीन डीबीला प्रकाश निम्मा होतो. सहा डीबी म्हणजे पाव. त्या सात घरांना त्यांच्या हक्काच्या उजेडाचा चौथा हिस्सा मिळतोय.

आता मॉड्यूलचं बोलू. बी प्लसचं मानक असं, की ओएलटी +१.५ ते +५ डीबीएम सोडणार आणि ओएनयू -२७ पर्यंत वाचणार. मधली घट १३ ते २८ डीबी चालते. सी प्लसमध्ये ओएलटी +३ ते +७ सोडतं आणि घटीची मर्यादा ३२ पर्यंत जाते. तुमचं मॉड्यूल आधीच +४.२ वर आहे. नवं सी प्लस हातात येईल ते पाच-साडेपाचचं निघालं तर खाली जाणाऱ्या सिग्नलला जेमतेम एक डीबी मिळाला. सी प्लसची बाकीची कमाई ओएलटीच्या जास्त संवेदनशील कानात आणि चूकदुरुस्तीच्या कोडिंगमध्ये आहे. आणि ते बसवायचं बाजारपेठेत, तर गळती तिठ्याच्या पुढे. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी. दिवा काही दिवस हिरवा राहील, मूळ दोष वाढत राहील आणि पुढच्या पावसाळ्यात तो तुम्हाला याहून वाईट अवस्थेत भेटेल.

इथे एक गोष्ट मात्र परिस्थितीवर अवलंबून आहे. तुम्ही जास्त पायांचे स्प्लिटर लावले असते आणि हिशोबच -२६ चा निघाला असता, तर सी प्लस हेच उत्तर होतं. मॉड्यूल कमी पडलेल्या हिशोबासाठी असतं, बिघाडासाठी नसतं. वाचणाऱ्या दुसऱ्या कुणाचं ओएलटी जीपॉनऐवजी ईपॉन जातीचं असेल तर वरचे मर्यादांचे आकडे बदलतील, पण पुढची शोधायची रीत तीच.

शोध कुठे सुरू करायचा ते तुमच्या प्रश्नातच आहे. एकाच घरात सिग्नल पडला असता तर दोष त्या घराच्या ड्रॉपमध्ये (घरात जाणाऱ्या शेवटच्या केबलीत) किंवा कनेक्टरमध्ये. अख्ख्या पोर्टवरची सगळी घरं पडली असती तर बाजारपेठ ते तिठा. तुमच्याकडे एका वाडीतली सातही घरं सारखीच पडलीत आणि शेजारच्या वाडीला काही झालेलं नाही. म्हणजे पहिल्या स्प्लिटरच्या त्या पायापासून दुसऱ्या स्प्लिटरपर्यंत, एवढ्या सव्वा किलोमीटरच्या आतच दोष आहे. दुसरा स्प्लिटर स्वतःही संशयित आहे, पण पीएलसी स्प्लिटर आतून बिघडून सगळे पाय सारखे सहा डीबीने खाली जाणं विरळा. त्याची आत येणारी शेपटी दुमडलेली असणं मात्र नेहमीचं.

खांबावर चढण्याआधी खुर्चीत बसून एक काम करा. ओएलटीच्या सॉफ्टवेअरमध्ये प्रत्येक ओएनयूचा वर येणारा सिग्नल किती पोचतोय ते दिसतं. ओएनयूच्या पानावर तो स्वतः किती सोडतोय ते दिसतं. या वजाबाकीतून वरच्या दिशेची घट मिळते, आणि +४.२ मधून ओएनयूला मिळालेला आकडा वजा केला की खालच्या दिशेची. दोन्ही दिशा एकाच फायबरमधून जातात, पण खाली १४९० नॅनोमीटर आणि वर १३१०. मळकट कनेक्टर किंवा वाईट स्प्लाइस दोन्ही रंगांना जवळपास सारखंच खाते. दुमडलेलं फायबर मात्र लांब तरंगलांबीला जास्त गळतं. १४९० चा प्रकाश कोरमध्ये (फायबरच्या गाभ्यात) तितका घट्ट बांधलेला नसतो, तो वळणावर आधी बाहेर सांडतो.

आकड्यांत बघा. चांगल्या वाडीत ओएनयू +२.२ सोडत असेल तर ओएलटीला -२३ च्या आसपास मिळायला हवेत. वाईट वाडीत ओएनयूला सहा डीबी कमी मिळतायत आणि ओएलटीलाही सहाच कमी, म्हणजे -२९, मिळत असतील तर मळ किंवा स्प्लाइस. ओएलटीला फक्त दीड-दोन डीबी कमी, म्हणजे -२५ च्या आसपास मिळत असतील, तर नक्की बाक. मला तरी इथे बाकाचाच संशय आहे, आणि त्याचं कारण असं: बी प्लसच्या ओएलटीची ऐकण्याची हद्द -२८ आहे. वरच्या दिशेलाही पुरते सहा डीबी जात असते तर ही सात घरं ऊन असो वा पाऊस, बहुतेक वेळ नोंदच झाली नसती. तुमची घरं दिवसभर चालतात, फक्त पहाटे आणि पावसात पडतात.

यात एक मेख आहे. ओएलटी आणि ओएनयू जे आकडे दाखवतात त्यांत दोन-तीन डीबींची चूक मानकालाच मान्य आहे. म्हणून एका घराच्या आकड्यावर विश्वास ठेवू नका. त्याच पोर्टवरच्या चार चांगल्या आणि चार वाईट घरांची सरासरी शेजारी-शेजारी ठेवा. ओएलटीची स्वतःची चूक दोन्हीकडे सारखीच असते, ती वजाबाकीत निघून जाते.

आता प्रकाशाची ताकद मोजणारा मीटर घेऊन बाहेर. सव्वा किलोमीटरमध्ये मोजायच्या जागा दोनच, तिठ्यावर पहिल्या स्प्लिटरचा तो पाय आणि वाडीच्या बॉक्समध्ये दुसऱ्या स्प्लिटरचं तोंड. तिठ्यावर +४.२ मधून सव्वा डीबी फायबरचे, साडेदहा स्प्लिटरचे आणि एखादा कनेक्टर-स्प्लाइसचा वजा जाऊन -८.५ च्या आसपास दिसायला हवेत. वाडीच्या तोंडाशी -९.३ च्या आसपास. मीटर १४९० वर लावायचा. तिठ्यावर -८.५ आणि वाडीत -१५.५ आले तर दोष मधल्या केबलीत किंवा वाडीच्या बॉक्सात शिरताना. तिठ्यावरच -१४ आले तर क्लोजर उघडून बसा. वाडीच्या तोंडाशी -९.३ व्यवस्थित मिळाले आणि तरी घरात -२७, तर दुसरा स्प्लिटर बदला.

मोजण्याआधी तोंडं साफ. कनेक्टरच्या फेरुलमधल्या काचेचा जो भाग खरा कामाचा आहे तो जेमतेम ९ मायक्रॉनचा. बोटाचा एक ठसा, धुळीचा एक कण तिथे बसला की एक-दोन डीबी सहज जातात, आणि घट्ट दाबून जोडला तर तो कण काचेत रुततो. ९९ टक्क्यांचं आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि धागे न सोडणारा टिश्यू, किंवा क्लिक करायचं पेन. सॅनिटायझर चालत नाही, त्यात पाणी आणि ग्लिसरीन असतं, सुकल्यावर पापुद्रा उरतो. शर्टाच्या टोकाला पुसणं ही आपल्या धंद्यातली सर्वात महागडी सवय आहे. पॅच कॉर्डचं तोंड साफ केलंत आणि अ‍ॅडॅप्टरच्या आतलं दुसरं तोंड तसंच ठेवलंत तर फुकट मेहनत. मळ तिथून इथे येतो.

बॉक्समध्ये रंगही पाहून घ्या. हिरवा कनेक्टर एपीसी, त्याचं तोंड ८ अंशांत तिरकं घासलेलं. निळा यूपीसी, सरळ. हिरव्याला निळा जोडला की मध्ये हवेची फट राहते आणि सहज तीन-चार डीबी जातात, शिवाय कडा एकमेकींना खरवडतात. वाडीच्या बॉक्समध्ये स्प्लिटरची शेपटी हिरवी आणि घाईत लावलेलं पिगटेल (एका टोकाला कनेक्टर असलेला फायबरचा तुकडा) निळं, असं झालं असेल तर तुमच्या सहापैकी अर्धे तिथेच सापडले. फक्त ही चूक दोन्ही दिशांना सारखी दिसेल. वर सांगितलेली तुलना बाक दाखवत असेल तर हे तपासा, पण एवढ्यावर थांबू नका.

मला सगळ्यात जास्त आशा तिठ्याच्या क्लोजरची आहे, म्हणून तिथे जरा वेळ काढू. एक माणूस वाडीत बसवा, त्याच्या हातात मीटर आणि फोन चालू. तुम्ही वर. झाकण उघडलं की लगेच हात घालू नका, आधी नुसतं बघा. तळाशी पाण्याची रेघ किंवा वाळलेला चिखल आहे का. मुंग्यांनी अंडी घातलीत का (कोकणातल्या क्लोजरमध्ये हे भाडेकरू ठरलेले). केबल आत शिरते तिथे तिच्या मधल्या एफआरपीच्या (काचतंतूंच्या प्लास्टिकच्या) कांडीला क्लॅम्प मारलाय का, की ती मोकळीच आहे. ती मोकळी असेल तर जवळजवळ खात्रीने सांगतो, दोष इथेच आहे. दुपारी खांबावरचं काळं आवरण तापून लांबतं, पहाटे आणि पावसात गार होऊन आखडतं. कांडी पकडलेली नसली की केबल थोडी-थोडी मागे सरते, आतली नळी ट्रेमधून ओढली जाते आणि अडीचशे मायक्रॉनचं फायबर ट्रेच्या कोपऱ्यावर ताणून बसतं. पहाटेच दिवा लाल का, याचं उत्तर इथे आहे.

मग ट्रे उचला. फायबरचे वेढे ट्रेच्या गोलाईवर मोकळे पडलेले हवेत. साध्या जी.६५२.डी फायबरला ३० मिलिमीटरची त्रिज्या द्या, म्हणजे चहाच्या बशीच्या खोलगटाएवढा वेढा. त्याहून लहान वेढे जी.६५७ जातीचं फायबर सोसतं, ए१ हे १० मिलिमीटरपर्यंत आणि ए२ साडेसातपर्यंत, पण खांबावरच्या मोठ्या केबलीत सहसा ते नसतं. घराच्या ड्रॉपमध्ये असतं, आणि ड्रॉपवर हात बसलेला मुलगा तीच सवय क्लोजरमध्ये घेऊन येतो. झाकणाच्या कडेखाली एखादं फायबर चिमटलंय का, स्लीव्ह (जोडावरची संरक्षक नळी) खाचेतून निसटून तिरकी पडलीय का, नळीला केबल टाय आवळून बांधलाय का, हे तीन बघायचेच.

आता त्या पायाचं फायबर बोटाच्या टोकाने हलकेच उचला आणि वाडीतल्या माणसाला आकडा वाचायला सांगा. बाक असेल तर -१५.५ वरून आकडा उडी मारून -१० कडे येईल, सोडलं की परत खाली. अंदाज नको असेल तर वाडीच्या बॉक्समधून दुसऱ्या स्प्लिटरचं तोंड सोडवून तिठ्याच्या दिशेने लाल लेझर पेन मारा. सव्वा किलोमीटर त्याला काहीच नाही. फायबर जिथे दुमडलंय तिथे आवरणातून लाल ठिपका चमकेल, संध्याकाळी तर लांबूनही दिसतो. १ मिलिवॅटचं पेन पुरेसं आहे. बाजारात मिळणारी ३० मिलिवॅटची पेनं डोळ्याला घातक आहेत आणि या अंतराला त्यांची गरजही नाही. त्याहून महत्त्वाचं: चालू फायबरच्या तोंडात कधीच डोकावू नका, १४९० चा प्रकाश दिसत नाही. त्याच कोरवर तुम्ही १५५० ने केबल टीव्ही पण सोडत असाल तर हा नियम दुप्पट कडक. ईडीएफएच्या (टीव्हीचा प्रकाश वाढवणाऱ्या यंत्राच्या) एका पोर्टवर १०० मिलिवॅटसुद्धा असू शकतात, तेवढ्यात मळका कनेक्टरही जळतो.

बाक सापडला तर तेवढा मोकळा करून झाकण लावून टाकण्याचा मोह होईल. कांडीला क्लॅम्प मारल्याशिवाय ते करू नका, महिन्याभरात परत तेच होईल. आणि पाणी बंद करा. पाणी प्रकाश पीत नाही, चांगल्या स्प्लाइसवर थेंब पडला तरी मीटर हलणार नाही. पण ताणलेल्या काचेवर ओल असली की तिच्या पृष्ठभागावरच्या सूक्ष्म चिरा हळूहळू वाढत जातात आणि एक दिवस कोणी हात न लावता फायबर तुटतं. म्हणून ओलं क्लोजर आणि आखूड वेढा ही जोडी वाईट. क्लोजर खांबावर उभं, केबलीची तोंडं खाली, आणि आत शिरण्याआधी केबलीला खालच्या बाजूला एक झोल, म्हणजे तिच्यावरून ओघळणारं पाणी झोलाच्या तळाशी टपकेल, आत जाणार नाही. न वापरलेल्या छिद्रांना त्यांचीच बुचं. रबरी रिंग चपटी झाली असेल तर नवी. चिकटपट्टी एका उन्हाळ्यात वितळते आणि एम-सीलने थापलेलं क्लोजर पुढच्या वेळी छिन्नीने फोडावं लागतं, दोन्ही नकोत.

इथपर्यंतचं परत एकदा: आधी ओएलटीवर दोन दिशांची तुलना, मग साफसफाई करून तिठा आणि वाडी इथले दोन आकडे, मग तिठ्याचं क्लोजर. यात ओटीडीआर कुठेच लागला नाही.

तो लागेल, पण दोन्ही टोकांना सगळं स्वच्छ असून मधल्या सव्वा किलोमीटरमध्येच घट निघाली तर. झाडाची फांदी पडून केबल चेचली असेल, किंवा मध्ये कुणी जोड मारून ठेवला असेल. त्या दिवशी भाड्याने आणा, किंवा ज्याच्याकडे आहे त्याला बोलवा. एका वाडीसाठी विकत घेऊ नका. शूट वाडीकडून तिठ्याकडे करा, दुसऱ्या स्प्लिटरचं तोंड सोडवून. बाजारपेठेतून मारलंत तर पहिल्या स्प्लिटरनंतर आठही पायांचा परतीचा प्रकाश एकमेकांवर चढतो आणि कुठला खड्डा कुणाचा ते कळत नाही. फायबर चालू असेल तर १६२५ किंवा १६५० चं फिल्टरवालं मशीन हवं. साधं १३१०/१५५० चं असेल तर तिठ्यावर तो पाय स्प्लिटरपासून सोडवा, नाहीतर ओएलटीचा प्रकाश मशीनच्या तोंडात जाईल. पल्स ३० ते ५० नॅनोसेकंद ठेवा, म्हणजे तीन-पाच मीटरचा ठोका. १ मायक्रोसेकंद लावला तर शंभर मीटरचा पट्टा एकाच ढेकळासारखा दिसेल. तोंडाशी दीड-दोनशे मीटरची लाँच फायबर (मशीन आणि लाइन यांच्यामधली जादा फायबर) जोडा, नाहीतर पहिल्याच कनेक्टरच्या चमकेत वाडीचा बॉक्स झाकला जातो. अपवर्तनांक १.४६८ टाका. दोन्ही तरंगलांबींना शूट करा. १५५० ला पायरी मोठी आणि १३१० ला लहान असेल तर बाक, दोन्हीकडे सारखी असेल तर स्प्लाइस. एखाद्या जोडावर आलेख खाली न जाता वर उडी मारताना दिसला तर तो फायदा नव्हे. दोन फायबरांच्या जाती थोड्या वेगळ्या आहेत, दुसऱ्या टोकाकडून मारून दोन्हींची सरासरी काढा.

मशीनने ७४० मीटर सांगितलं म्हणून मोटारसायकलच्या आकड्यावर ७४० मीटर जाऊन खांबावर चढू नका. मशीन फायबरची लांबी मोजतं. नळीत फायबर केबलीपेक्षा एक-दोन टक्के लांब असतं आणि प्रत्येक जोडाशी दहा-पंधरा मीटरची गुंडाळी टांगलेली असते. केबलीच्या आवरणावर दर मीटरला छापलेला आकडा असतो, तो वाचा. वाडीच्या बॉक्सापाशी आकडा काय, तिथून ७४० वजा किंवा मिळवून कुठला आकडा येतो, आणि तो आकडा कुठल्या खांबावर दिसतो. यात चूक दहा-वीस मीटरच्या आत राहते, म्हणजे एखाद्या खांबाच्या फरकाने.

शेवटी मशीन. चार मोटरचं जुनं मशीन आहे असं तुम्ही लिहिलंय. आजकालच्या फायबरचा कोर इतका मध्यावर असतो की बाहेरची १२५ मायक्रॉनची काच जुळवणारं चार मोटरचं मशीनसुद्धा ०.०५ डीबीच्या आत जोडतं. सहा मोटरचं ०.०२ मध्ये. आठ जोडांत मिळून पाव डीबीचा फरक. तुमचे सहा डीबी असे जात नाहीत. पण मशीनच्या पडद्यावर ०.०१ आलं म्हणून तो जोड चांगला, असंही धरू नका. मशीन प्रकाश मोजत नाही, दोन बाजूंच्या चित्रांवरून अंदाज बांधतं. त्यानंतर स्लीव्ह गरम करताना फायबर आत वाकडं राहिलं, किंवा थंड होण्याआधी ट्रेमध्ये कोंबलं, तर तो अंदाज कागदावरच राहिला.

क्लीव्हरकडे (फायबर सरळ तोडणाऱ्या हत्याराकडे) मात्र लक्ष द्या, बिघडलेल्या जोडांचं मूळ बहुतेक वेळा तिथे असतं. क्रम असा: स्लीव्ह आधी ओवून घ्यायची, नंतर आठवली तर जोड परत तोडावा लागतो. तीन-चार सेंटिमीटर आवरण एका सरळ ओढीत काढायचं. अल्कोहोलच्या टिश्यूने दोनदा पुसायचं, काच स्वच्छ झाली की टिश्यूतून बारीक किचकिच ऐकू येते. मग क्लीव्ह. त्यानंतर ते टोक कशालाही लागू द्यायचं नाही, पुन्हा पुसायचंही नाही. पडद्यावर कोन १ अंशाहून जास्त दिसला, किंवा कडेला ओठ सुटलेला दिसला, तर परत तोडा. तीनदा तोडूनही तसंच आलं तर पातं फिरवा. गोल पात्याला बहुतेक क्लीव्हरमध्ये सोळा जागा असतात आणि खूप जण आयुष्यभर पहिल्याच जागेवर काम करतात. खांबावर चढलात त्या दिवशी सकाळी मशीनचं आर्क कॅलिब्रेशन एकदा चालवा, कोकणातल्या दमट हवेत ठिणगीचं तापमान कालच्यासारखं राहत नाही. इलेक्ट्रोडवर पांढरा थर दिसत असेल आणि मेनूतला आर्कचा आकडा कंपनीने दिलेल्या मर्यादेपलीकडे गेला असेल तर ती जोडी बदला. नव्या मशीनच्या तुलनेत हा खर्च काहीच नाही. तुटलेले काचेचे तुकडे खांबाखाली टाकू नका, झाकणाच्या बाटलीत गोळा करा. वाडीत माणसं अनवाणी फिरतात.

ओएलटीवरचे चार चांगल्या आणि चार वाईट घरांचे दोन्ही दिशांचे आकडे, तिठ्यावरचा आणि वाडीच्या तोंडाचा असे अठरा आकडे झाले की इथे टाका. क्लोजर उघडाल तेव्हा ट्रेला हात लावण्याआधी एक फोटो काढा आणि तोही द्या.